एका गांधाराचा प्रवास

गेली अठरा वर्षे मी कॉलेजात मराठी शिकवीत आहे. म्हणजे नेमके काय करीत आहे, हे मला कोणी विचारले नव्हते; आणि कोणी विचारीत नाही तोवर उत्तर आपल्याला ठाऊक आहे अशी माझी समजूत होती. ती समजूत दुसऱ्या वर्षाच्या वर्गातल्या एका मुलीने मोडली.

कवितेचा तास चालला होता. प्रतिमा झाल्या, वृत्त झाले, शेवटच्या कडव्यातला विरोधाभास फळ्यावर बाण काढून दाखवून झाला. मी हात झटकून खडूची धूळ उडवीत होतो, तेवढ्यात ती उभी राहिली आणि म्हणाली, “सर, ही कविता मी पहिल्यांदा वाचली तेव्हा मला खूप आवडली होती. आता सगळी समजली. पण आता ती आवडत नाही. असं का होतं?”

वर्ग हसला. मला मात्र हसू आले नाही. सुदैवाने घंटा झाली. तासाची घंटा ही परमेश्वराने मास्तरांसाठीच निर्माण केली असावी! “पुढच्या तासाला बोलू,” असे सांगून मी निसटलो. पण प्रश्न माझ्याबरोबर स्टाफरूममध्ये आला, लोकलमध्ये चढला आणि घरी येऊन जेवायला बसला. कारण तो प्रश्न माझाही होता. ज्या कविता मी वर्षानुवर्षे शिकवल्या, त्या घरी एकट्याने वाचायला घ्याव्यात असे मला कित्येक दिवसांत वाटले नव्हते. ज्या घड्याळजीने घड्याळ रोज खोलायचे, त्याला वेळ बघायला सवड कुठून मिळणार?

या प्रश्नाचे उत्तर मला साहित्यशास्त्राच्या कुठल्याही ग्रंथात सापडले नाही. ते सापडले मला ज्यातले ओ की ठो कळत नव्हते अशा ठिकाणी, एका पाश्चात्त्य सिंफनीत.

आमच्या वरच्या मजल्यावर एक वृद्ध गोमंतकीय गृहस्थ राहतात. सगळी इमारत त्यांना ‘अंकल’ म्हणते. लहानपणी गोव्यात गावच्या चर्चशाळेतल्या मेस्तांपाशी ते व्हायोलिन शिकले, तरुणपणी मुंबईला आले आणि पुढे कितीतरी वर्षे हिंदी चित्रपटांच्या स्टुडिओत व्हायोलिनच्या ताफ्यात बसून वाजवीत राहिले. नव्वदच्या दशकात एकेका यंत्राने पन्नास-पन्नास वादकांचे काम उचलले, तेव्हा त्यांनी व्हायोलिन पेटीत ठेवले. आता बोटेही कापतात. पण रोज संध्याकाळी त्यांच्या खिडकीतून खाली सिंफनी ओतत असते आणि ती आमच्या आमटीत पडते, अशी माझी जुनी तक्रार होती.

एकदा जिन्यात भेटले तेव्हा मी स्पष्टच विचारले, “अंकल, या गोंगाटात तुम्हाला काय ऐकू येतं हो?”

ते रागावले नाहीत. म्हणाले, “प्रोफेसर, तुम्ही आम्हाला ज्ञानेश्वरी एकदम मोठ्यानं, चाळीस लोकांकडून, वेगवेगळ्या ओव्या एकाच वेळी म्हणून दाखवली, तर आम्हाला काय ऐकू येणार? बसा. एक-एक ओवी ऐकू.”

अशी माझी शिकवणी सुरू झाली. धडा होता बीथोव्हनची पाचवी सिंफनी.

या सिंफनीची सुरुवात ऐकली नाही असा मनुष्य विरळा. तीन छोटे ठोके आणि एक लांब: ता-ता-ता-ताऽऽ! तारायंत्राच्या मोर्स लिपीत तीन बिंदू आणि एक रेघ म्हणजे इंग्रजी ‘व्ही’ हे अक्षर. म्हणून दुसऱ्या महायुद्धात बी.बी.सी.ने हेच ठोके विजयाची खूण म्हणून युरोपभर ऐकवले. ‘नियती अशी दार ठोठावते’ असे खुद्द बीथोव्हन म्हणाल्याचे सांगतात. पण ही गोष्ट सांगणारा त्याचा चिटणीस शिंडलर याने बीथोव्हनच्या संभाषणवह्यांत मागाहून खोट्या नोंदी घुसडल्याचे आता सिद्ध झाले आहे. तेव्हा त्याच्या साक्षीवर कोणी फाशी जाऊ नये. बीथोव्हनचा शिष्य चेर्नी याच्या नावावर तर अशी आठवण सांगितली जाते, की हे स्वर गुरुजींना एका पिवळ्या चिमुकल्या पाखराच्या शिळेवरून सुचले! नियती की पाखरू? मला दोन्ही सारखेच उपयोगी, म्हणजे सारखेच निरुपयोगी वाटले. अशा गोष्टी ऐकून कान तयार होत नाही.

अंकलनी मला स्वरलिपीचे जाडजूड पुस्तक दाखवले. एका पानावर डझनावर ओळी एकाखाली एक, आणि वाचायच्या सगळ्या एकदम! माझा चेहरा पाहून त्यांनी पुस्तक मिटले आणि पहिले चार ठोके नुसते गुणगुणले. ते कानात धरून मी खाली आलो. आमच्या मंडळींनी लग्नापूर्वी गाण्याच्या परीक्षा दिलेल्या आहेत. पेटी अजून घरात आहे. मी गुणगुणलो, तिने काळी-पांढरी चाचपून स्वर काढले: प प प ग॒ऽऽ, म म म रेऽऽ. गांधार कोमल.

“एवढंच?” मी म्हणालो.

तिने पुन्हा वाजवले आणि तिची बोटे थबकली. “अहो, यात सा कुठंय?”

खरेच, त्यात षड्ज नव्हता! आपल्याकडे गायक बसला की आधी तानपुरा लागतो, षड्जाची सतरंजी अंथरली जाते आणि मग बाकीचे स्वर त्यावर येऊन बसतात. इथे यजमानाचाच पत्ता नाही आणि पाहुणे दार ठोठावीत आहेत. हे स्वर कोणत्या घरातले, हे पहिल्या दोन आरोळ्यांत ठरतच नाही. षड्ज खालच्या वाद्यांत येतो तो त्यानंतर, आणि मग कळते की हे आपल्या आसावरी थाटाशी जुळणारे, कोमल गांधार-धैवत-निषादांचे घर आहे. शेकडो वेळा कानावर पडलेल्या त्या चार ठोक्यांत अस्वस्थ करणारे काय होते, ते मला त्या रात्री आमच्या जुन्या पेटीवर प्रथम समजले.

सौभाग्यवतींना आता चेव आला होता. तिने भाता जोरात ओढून प प प ग॒ असे पाच-सहा वेळा वाजवले, आणि काय सांगू, दारावर खरोखरच ठोके पडले! रात्रीचे साडेदहा झाले होते. खालच्या मजल्यावरचे कोणी भांडायला आले असावे म्हणून मी भीत भीत दार उघडले. दारात अंकल उभे. म्हणाले, “प्रोफेसर, दुसरा ठोका जास्त लांब धरा. बीथोव्हननं तिथं एक मात्रागट जास्त लिहिलाय.”

आणखी एक गंमत त्यांनी त्याच रात्री सांगितली. ही सिंफनी स्वराने सुरू होतच नाही. ती सुरू होते मौनाने. कागदावर पहिली खूण आहे ती अर्ध्या क्षणाच्या विश्रांतीची, आणि मग तीन ठोके. आपला मुखडा जसा समेच्या अलीकडून उचलतात आणि समेवर आदळतात, तसेच. म्हणून संचालकाची काठी खाली येते तेव्हा काहीच वाजत नाही. वाजते ते नंतर. साठ-सत्तर वादकांनी त्या शून्यावर एकदम उडी घ्यायची! भले भले संचालक या एका क्षणाला भितात म्हणे.

त्यानंतरच्या काही आठवड्यांत आम्ही तो पहिला भाग ओळीओळीने ऐकला. एवढ्याशा चार स्वरांतून या माणसाने सात-आठ मिनिटांची इमारत उभी केली आहे. मध्ये व्हायोलिनवर एक गोड, लाडिक सुरावट येते. आपल्याला वाटते, चला, सुटलो. पण अंकल म्हणत, “वर नको, खाली ऐका.” खाली चेलो आणि डबल बास पुटपुटत असतात: ता-ता-ता-ताऽ. लग्नघरात सगळे हसत असताना माजघरात कोणीतरी कण्हावे तसे. पुढे विस्ताराच्या भागात ती आकृती झिजत जाते. चारांतले दोन स्वरसमूह उरतात, मग एकच. फुंकवाद्यांनी एक म्हणायचा, तारवाद्यांनी एक, आणि आवाज कमी कमी होत श्वास थांबल्यासारखा होतो. तिथे अचानक सगळा वाद्यवृंद चारही ठोके घेऊन अंगावर कोसळतो.

हे सगळे समजले, आणि माझ्या विद्यार्थिनीचे जे झाले तेच माझे झाले. आता ते संगीत वाजू लागले की मी त्यात ‘पाहा, इथे आकृती आली’, ‘पाहा, इथे खाली गेली’ असे बाण काढू लागलो. गोंगाट गेला होता हे खरे. पण त्याच्या जागी फळा आला होता. मी अंकलना तसे सांगितले. ते म्हणाले, “बरोबर आहे. तुम्ही अजून सिंफनी ऐकली कुठे? हा तर नकाशा. आता गावाला चला.”

गावाला जाण्याआधी त्या गावाचा थोडा इतिहास सांगतो. १८०२ च्या ऑक्टोबरात, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, बीथोव्हन व्हिएन्नाजवळच्या हायलिगेनश्टाट या खेड्यात होता. आपले कान जात आहेत हे त्याला कळून चुकले होते. तिथे त्याने भावांना उद्देशून एक पत्र लिहिले: मरणाचा विचार मनात येऊन गेला, पण कलेने मला धरून ठेवले, असा त्याचा आशय. पत्र त्याने कधीच पाठवले नाही. १८२७ मध्ये तो वारल्यावर ते त्याच्या कागदांत सापडले. पाचव्या सिंफनीचे काम मुख्यतः १८०४ ते १८०८ या काळात झाले आणि २२ डिसेंबर १८०८ या दिवशी ती व्हिएन्नाच्या ‘थिएटर आन डेअर वीन’मध्ये प्रथम वाजली. कार्यक्रम होता चार तासांचा! पाचवी सिंफनी, सहावी सिंफनी, पियानोचा चौथा कंचेर्टो आणि आणखी कितीतरी रचना, सगळ्या त्याच्याच. थिएटर गारठलेले, तालीम अपुरी. शेवटच्या रचनेत वादक चुकले तेव्हा बीथोव्हनने भर सभेत सगळे थांबवून पुन्हा सुरू करायला लावले. जगातल्या एका महान कलाकृतीचा जन्म असा कुडकुडत, जांभया आवरीत झाला. पण दीड वर्षाने, १८१० मध्ये, ई. टी. ए. हॉफमन या लेखकाने एका जर्मन संगीतपत्रिकेत या सिंफनीवर दीर्घ लेख लिहिला. हा हॉफमन अद्भुतकथा लिहिणारा. आणि त्याच लेखणीने त्याने त्या चार ठोक्यांचा माग स्वरलिपीची उदाहरणे देऊन काढला. एकाच लेखात उत्कट भावना आणि बारीक पृथक्करण, दोन्ही! पहिल्याने दुसऱ्याचा जीव घेतलेला नाही. हे वाचून मला थोडा धीर आला.

आणि मग आम्ही गावाला गेलो. म्हणजे नरिमन पॉइंटला, एन.सी.पी.ए.च्या जमशेद भाभा नाट्यगृहात. मुंबईला हे संगीत अगदी परके नाही. मेहली मेहतांनी १९३५ मध्ये इथे बॉम्बे सिंफनी ऑर्केस्ट्रा उभा केला. पुढच्याच वर्षी याच शहरात जन्मलेले त्यांचे चिरंजीव झुबिन मेहता जगातले एक थोर संचालक झाले. आणि २००६ मध्ये एन.सी.पी.ए.त सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडियाची स्थापना झाली. परके होतो ते आम्हीच. मी इस्त्रीचा सदरा घालून, मंडळी ठेवणीतली साडी नेसून, आणि अंकल जुन्या काळ्या कोटात, असे आम्ही तिघे बाल्कनीत बसलो.

काठी खाली आली. काहीच वाजले नाही. आणि मग वाजले.

ध्वनिमुद्रिकेतून जे कळत नाही ते इथे डोळ्यांना दिसू लागले. त्या चार स्वरांचा चेंडू दुसऱ्या व्हायोलिनकडून व्हायोलांकडे, तिथून पहिल्या व्हायोलिनकडे कसा फेकला जातो. गज एकदम उठतात आणि एकदम पडतात, वाऱ्याने शेत लवावे तसे. पहिला भाग संपला, आणि मी न राहवून कडाडून टाळी वाजवली. एक. दोन. तिसरी टाळी हवेतच राहिली, कारण सगळ्या सभागृहात टाळी वाजवणारा मी एकटाच होतो. पुढच्या रांगेतल्या बाईंनी मागे वळून माझी कीव केली. मंडळींनी कोपरखळी मारली. अंकल माझ्या कानाशी लागून म्हणाले, “बीथोव्हनच्या काळात मधे टाळ्या वाजवायचे, प्रोफेसर. तुमचं काही चुकलं नाही. फक्त दोनशे वर्षं उशीर झाला.”

दुसरा भाग संथ. व्हायोला आणि चेलो मिळून एक सुरावट गातात, जणू भरल्या घशाने कोणी आपलेच सांत्वन करीत आहे. तिच्यामधून एकदा, दोनदा, तीनदा एक गोष्ट घडते: तुतारीसारखी ट्रंपेट-हॉर्न गर्जतात आणि स्वर एकदम शुद्ध गांधाराच्या घरात, आपल्या बिलावल थाटात, जाऊन उभे राहतात. पण तिथे टिकत नाहीत. दार उघडते, उजेड दिसतो, दार मिटते. घरी ऐकताना ही जागा मी ‘शेवटाची पूर्वसूचना’ अशी वहीत टिपून ठेवली होती. इथे ते शब्द आठवले नाहीत. नुसते वाटले, अरेरे, गेला.

तिसऱ्या भागात माझी नजर उजव्या हाताला मागे बसलेल्या तीन माणसांवर गेली. त्यांच्या हातात ट्रॉम्बोन होते, आणि सिंफनी सुरू झाल्यापासून त्यांनी एक स्वर वाजवला नव्हता. मानपान न मिळालेल्या व्याह्यांसारखे गप्प बसून होते. पिकोलोवाला तसाच, आणि खर्जातला मोठा बसून घेतलेला मनुष्यही तसाच. यांना बोलावले तरी कशाला? बीथोव्हनने त्यांना वीस-पंचवीस मिनिटे नुसते बसवून ठेवले आहे. ट्रॉम्बोन म्हणजे तेव्हा देवळातले आणि ऑपेरातले वाद्य. सिंफनीत ते सहसा येत नसे.

इथे मला इंग्रजीतली एक कादंबरी आठवली. ई. एम. फॉर्स्टरच्या १९१० मधल्या ‘हॉवर्ड्स एंड’च्या पाचव्या प्रकरणात एक कुटुंब लंडनच्या क्वीन्स हॉलमध्ये हीच सिंफनी ऐकायला बसले आहे. मावशीबाई ओळखीची चाल आली की हळूच ताल धरतात. हेलनला त्यात वीर दिसतात, जहाजे फुटताना दिसतात, आणि तिसऱ्या भागात जगभर चालत निघालेली पिशाच्चे दिसतात. तिच्या बहिणीला फक्त संगीत ऐकू येते. धाकटा भाऊ टिबी मांडीवर स्वरलिपीचे पुस्तक उघडून बसला आहे, आणि तो सगळ्यांना कळवळून सांगतो: ती नगाऱ्याची जागा तेवढी ऐका! वर्षानुवर्षे हे प्रकरण वाचताना मी हेलनच्या बाजूचा होतो आणि टिबीला हसत होतो. बिचारा पढतमूर्ख! पण मास्तर म्हणून मी करीत होतो ते टिबीचेच काम नव्हे काय?

आणि ती नगाऱ्याची जागा आली.

तिसरा भाग सुरुवातीला दांडगा असतो. चेलो-डबल बास अंधारातून सरपटत वर येतात, आणि हॉर्न एकाच स्वरावर तेच तीन ठोके आणि चौथा लांब असे ओरडतात. पहिल्या भागातला पाहुणा वेष पालटून आलेला. पण हीच सुरावट परत येते तेव्हा तिच्यातला जीव गेलेला असतो. गज बाजूला ठेवून तारा बोटांनी छेडलेल्या, आवाज सुकलेला, जणू सापळा चालतो आहे. मग तेही थांबते. तारवाद्ये एक लांबच लांब स्वर धरतात, इतका हळू की ऐकू येतो की भास होतो तेच कळेना. आणि मागे टिम्पनीवाला, सगळ्या वाद्यवृंदात तो एकटा, अगदी हळू ठोके देऊ लागतो. तेच ठोके.

घरी पेटीवर आम्ही ही जागा शोधली होती. मंडळी म्हणाली होती, “हा तानपुराच की हो! पण खालची तार चुकीची लावलीय.” ते अक्षरशः खरे आहे. नगारा ठोके देतो ते षड्जावर. पण त्याच्याखाली डबल बास धरून बसले आहेत कोमल धैवत. म्हणजे ज्या षड्जाला आपण पहिल्या क्षणापासून शोधतो आहोत, तो एकदाचा सापडला आहे, आणि तरीही घर आपले वाटत नाही. यजमान दारात उभा आहे, पण पायाखालची जमीन दुसऱ्याची.

हे मला ठाऊक होते. ठाऊक होते म्हणूनच मी त्या अंधारात त्या एका नगाऱ्याला घट्ट धरून बसलो. ठाऊक नसते तर? ही जागा इतकी हळू आहे की खोकल्यात, घड्याळ बघण्यात निघून गेली असती; घरी आमटीत पडत होती तेव्हा जातच होती. व्हायोलिन मधूनच त्या सरपटणाऱ्या सुरावटीचा एक तुकडा उचलतात, थोडे वर चढतात, पुन्हा चढतात. नगारा थांबत नाही. खालचा धैवत सुटून पंचमावर येतो. सुमारे पन्नास मात्रागट हा पूल चालतो आणि आवाज वाढतो तो फक्त शेवटच्या काही गटांत. ते तीन गप्प व्याही ट्रॉम्बोन ओठांना लावतात. मला दिसले, आणि माझ्या पोटात खड्डा पडला.

सा — ग — पऽऽ!

शुद्ध गांधार. चौथ्या भागाचे दार उघडले, आणि या वेळी ते मिटले नाही. तिसरा भाग आणि चौथा भाग यांच्यामध्ये थांबाच नाही. टाळी वाजवायला माझ्यासारख्याला जागाच ठेवलेली नाही! शेजारी पाहिले. अंकलच्या मांडीवर त्यांचा कापणारा डावा हात होता, आणि त्याची बोटे न दिसणाऱ्या तारांवर पडत होती. मंडळींच्या डोळ्यांत पाणी होते. माझ्या डोळ्यांचे मी काही सांगत नाही.

एक खुलासा करायला हवा. कोमल गांधार म्हणजे दुःख आणि शुद्ध गांधार म्हणजे आनंद असे समीकरण आपल्याकडे नाही. काफीतल्या होरीत तोच कोमल गांधार गुलाल उधळतो. पण या अर्ध्या तासात बीथोव्हनने त्या एका स्वराला असे काही वागवले आहे, की तो अर्ध्या पायरीने वर चढतो तेव्हा माणूस अंथरुणातून उठून उभा राहिल्यासारखे वाटते. हा अर्थ त्या स्वरात आधीपासून नव्हता. तो या प्रवासाने त्याला मिळवून दिला. आणि प्रवास सोपा नव्हता हे बीथोव्हन विसरू देत नाही: विजयाच्या ऐन मध्यावर तो सगळे थांबवतो आणि तिसऱ्या भागातले ते सुकलेले ठोके पुन्हा ऐकवतो. हेलनची पिशाच्चे परत आली. मग विजय पुन्हा मिळवावा लागतो.

त्यानंतर मी अंकलच्या खोलीत या सिंफनीच्या कितीतरी मुद्रिका ऐकल्या, आणि आणखी एक गोष्ट लक्षात आली. वाजवणे हेही एक रसग्रहणच आहे. १९१३ मध्ये निकिशने बर्लिनच्या वाद्यवृंदाकडून केलेली मुद्रिका खरखरीतून ऐकू येते. फुर्टव्हेंगलर १९४७ च्या मे महिन्यात, उद्ध्वस्त बर्लिनमध्ये, ते पहिले ठोके असे धरतो की त्यावर सगळ्या शहराचे ओझे आहे. कार्लोस क्लायबर १९७४ मध्ये व्हिएन्नाच्या वादकांना घेऊन तेच ठोके चाबकासारखे उडवतो. पहिल्या भागात एक हाक आधी हॉर्न देतात. तीच पुन्हा येते तेव्हा बीथोव्हनने ती बसूनांना दिली आहे, कारण त्या काळच्या हॉर्नला झडपा नव्हत्या आणि तिथे ते स्वर त्यांच्यातून नीट निघत नसत. पुढे हॉर्न सुधारले, तेव्हा कित्येक संचालकांनी ती हाक त्यांनाच देऊन टाकली. इतर म्हणतात, नाही, कागदावर आहे तेच वाजले पाहिजे. प्रत्येकाने आधी वाचले आहे, मग वाजवले आहे. न वाचता वाजवलेले मी ऐकले नाही. आणि नुसते वाचून कोणी थांबला असता तर मला काय ऐकू आले असते?

इथे मला माझी चूक सापडली. ती पृथक्करण करण्यात नव्हती. ती पृथक्करणापाशी थांबण्यात होती. मी कविता उकलून दाखवीत होतो आणि सुटे भाग टेबलावर ठेवून तासाची घंटा ऐकून निघून जात होतो. टिबी निदान नगारा दाखवून मग गप्प बसून ऐकत होता.

पुढच्या आठवड्यात वर्गावर गेलो तेव्हा खडू घेतला नाही. तीच कविता आधी मोठ्याने वाचली. मग पंधरा मिनिटे तिची एकच जागा उकलली, फक्त एक, जिथे माझ्या मते तिचा नगारा वाजतो. आणि मग ती पुन्हा पहिल्यापासून वाचली. दहावीनंतर मी वर्गात एक कविता एका तासात दोनदा वाचलेली मला आठवत नाही. त्या एका जागी आलो तेव्हा माझाच आवाज जरासा बदलला. मी तो मुद्दाम बदलला नव्हता.

शेवटचे कडवे उरले होते आणि घंटा झाली. मागच्या बाकांवर पुस्तके मिटल्याचे आवाज झाले. मी घंटेकडे लक्ष न देता कडवे पुरे केले. प्रश्न विचारणारी मुलगी जाताना टेबलापाशी थांबली. मला वाटले, आता काही बोलेल. ती एवढेच म्हणाली, “सर, ते दुसऱ्या वेळचं पुन्हा एकदा वाचाल?”

वर्ग रिकामा झाला होता. पुढचा तास दुसऱ्याचा होता आणि ते दारात उभे होते. मी त्यांना हाताने ‘एकच मिनिट’ अशी खूण केली, आणि वाचले.